रविवारच्या पावासाठी लसूण-लोणी : वसतिगृहाच्या स्वयंपाकघरातील प्रकल्प नोंदी

१ डिसेंबर २०२४, रविवार

कोल्हापुरातील आमच्या मुलींच्या वसतिगृहात रविवारी रात्री टोमॅटोचे सार किंवा भाज्यांचे सूप आणि त्यासोबत लादी पाव असा बेत गेली अनेक वर्षे चालत आला आहे. स्वयंपाकघरातील बायकांना आठवड्यातून एक रात्र तरी चपात्या लाटण्यापासून सुटी मिळावी, हा त्यामागचा हेतू मला पूर्ण मान्य आहे; परंतु त्या रात्री मुली अर्धपोटी उठतात आणि दहाच्या सुमारास खोल्यांमधून चिवड्याचे डबे उघडल्याचे आवाज येऊ लागतात, हेही मी पाहत आले आहे. आज प्रथमच मोजून पाहिले. ६४ मुलींसाठी प्रत्येकी दोन याप्रमाणे १२८ पाव, म्हणजे आठ-आठ पावांच्या सोळा लाद्या घेतल्या होत्या. त्यांपैकी ४१ पाव परत आले. साराचे पातेले मात्र तळापर्यंत रिकामे झाले होते. दोष बेताचा नसून पावाचा आहे, एवढे त्यावरून स्पष्ट झाले.

पाव वाईट येतो असे म्हणणे अन्यायाचे होईल. सकाळी सातला तो येतो तेव्हा लुसलुशीत असतो आणि आम्ही तो रात्री आठला वाढतो. या तेरा तासांत तो चामट होतो. आपण सरसकट 'पाव वाळला' असे म्हणतो, पण प्लास्टिकच्या पिशवीत बंद असलेला पावही असाच होतो, कारण येथे पाणी उडून जाण्यापेक्षा पिठातील स्टार्चची रचना पुन्हा घट्ट होणे हे मुख्य कारण असते. पाव भाजताना सैल झालेला स्टार्च थंड झाल्यावर हळूहळू आवळत जातो, आणि फ्रीजच्या तापमानाला ही क्रिया अधिक वेगाने होते. पाव ६० अंश सेल्सिअसच्या वर गरम केला, की ती रचना काही काळापुरती पुन्हा सैल होते. म्हणून पाव गरम करूनच वाढायचा, हा पहिला निर्णय घेतला. आणि गरम करायचाच आहे तर वर चवीचे लोणी लावून करायचा, हा दुसरा.

पाव स्वतः भाजण्याचा विचार मी बाजूला ठेवला आहे. आमच्या विजेच्या ओव्हनमध्ये एका वेळी चारच लाद्या बसतात आणि पीठ फुगवण्यासाठी लागणारी जागा व माणसे आमच्याकडे नाहीत. आणलेल्या साध्या पावाला आपण काय देऊ शकतो, एवढ्याच प्रश्नावर हा प्रकल्प चालवायचा आहे. खर्चाची मर्यादा एका पावामागे पाच रुपये अशी ठरली.

३ डिसेंबर, मंगळवार

पहिला प्रयोग एका लादीवर केला. बाजारातील खारे बटर वितळवले, त्यात ठेचलेला लसूण, चिरलेली कोथिंबीर आणि थोडे लाल तिखट मिसळून ब्रशने लादीवर फासले, आणि १८० अंशांवर आठ मिनिटे ठेवले. ओव्हनचे दार उघडले तेव्हा वास इतका सुंदर होता, की काम एका दिवसात संपले असे क्षणभर वाटले. आमच्या स्वयंपाकघरातील आक्कांनी पाव मोडून तोंडात टाकला आणि त्या म्हणाल्या, "बाई, ह्यो लसूण वरनं जळलाय अन् आतनं कच्चाच हाय."

त्यांचे म्हणणे अचूक होते. पृष्ठभागावर उघडे राहिलेले लसणाचे कण काळे व कडू झाले होते, तर लोण्याखाली दबलेले कण कच्चे व झणझणीत होते. लसूण कापला किंवा ठेचला की त्यातील अ‍ॅलिनेज नावाचे विकर मोकळे होऊन अ‍ॅलिसिन तयार करते, आणि कच्च्या लसणाचा जिभेला लागणारा डंख त्याचाच असतो. उष्णतेने तो डंख मावळतो, पण त्यासाठी लसणाला सर्व बाजूंनी सारखी ऊब मिळावी लागते. ओव्हनमधील आठ मिनिटांत ती मिळत नाही.

दुसरी तक्रार माझी स्वतःची होती. पावाची वरची साल ओलसर होऊन सुरकुतली होती, कोथिंबीर शेवाळ्याच्या रंगाची झाली होती आणि लादीचा तळ भिजला होता. तूप लावलेली चपाती अशी भिजत नाही, मग लोणी लावलेला पाव का भिजावा, हा प्रश्न वहीत लिहून ठेवला आहे.

५ डिसेंबर, गुरुवार

परवाच्या प्रश्नाचे उत्तर काट्यावर मिळाले. बटरचे नियमाप्रमाणे मान्य प्रमाण असे, की त्यात दुधाचे स्निग्धांश किमान ८० टक्के असावेत आणि पाणी १६ टक्क्यांपेक्षा जास्त नसावे. मी २०० ग्रॅम बटर पातेलीत घेऊन मंद आचेवर ठेवले. लोणी कढवताना प्रत्येक घरात ऐकू येतो तो तडतड आवाज सुरू झाला. तो आवाज म्हणजे पाणी निघून जाण्याचा आवाज आहे, हे ठाऊक असूनही त्याकडे मी आजवर कधी लक्ष देऊन ऐकले नव्हते. आवाज थांबला, फेस बारीक झाला आणि तळाची बेरी फिकट बदामी दिसू लागली, तेव्हा गॅस बंद करून वजन केले. १६९ ग्रॅम भरले. म्हणजे ३१ ग्रॅम पाणी गेले होते.

आक्कांनी घरून आणलेले म्हशीच्या दुधाचे ताजे लोणीही तसेच कढवून पाहिले. त्यातील २०० ग्रॅमचे १४२ ग्रॅमच उरले, कारण हाताने काढलेल्या लोण्यात ताकाचा अंश बराच राहतो. चवीला ते बाजारच्या बटरपेक्षा कितीतरी चांगले आहे, यात मला शंका नाही. त्याची किंचित आंबूस चव पावाला फार शोभते. परंतु दर रविवारी किलोभर घरचे लोणी मिळणे शक्य नाही आणि त्यातील पाणी प्रत्येक वेळी वेगळे असणार, म्हणून मोठ्या बेतासाठी बाजारचेच बटर वापरायचे ठरवले.

तर परवा पाव भिजला तो स्निग्धांशाने नव्हे, पाण्याने. शिवाय ते पाणी एकट्या बटरचे नव्हते, तर लसूण आणि धुतलेली कोथिंबीर यांनीही त्यात भर घातली होती. पावावर लावायच्या प्रत्येक पदार्थातून किती पाणी येते, हे पाहिल्याशिवाय पुढचे प्रमाण ठरवण्यात अर्थ नाही.

८ डिसेंबर, रविवार

आजची संध्याकाळ एकट्या लसणावर घालवली. तीन प्रकारे करून पाहिला : खलबत्त्यात ठेचलेला, किसणीवर किसलेला आणि सुरीने बारीक चिरलेला. तिन्ही प्रकारांत १०० ग्रॅम बटरला २० ग्रॅम सोललेला लसूण घेतला आणि बटर कढवतानाच तो त्यात घातला, म्हणजे दोघांचेही पाणी एकाच आचेवर निघून जावे.

ठेचलेला लसूण पातेलीच्या तळाला चिकटला आणि इतर कण पांढरे असतानाच तेवढा तपकिरी झाला. किसलेल्याचा गोळा झाला. चिरलेला लसूण मात्र तळाशी मोकळा फिरत राहिला आणि आठ-नऊ मिनिटांत एकसारखा फिकट सोनेरी झाला. गॅस बंद केल्यावरही गरम तुपात तो पुढे शिजत राहतो, त्यामुळे डोळ्यांना 'अजून थोडा हवा' असे वाटत असतानाच पातेली उतरवली पाहिजे. एका खेपेस मी अर्धा मिनिट थांबले आणि त्या अर्ध्या मिनिटात सगळी पातेली कडू झाली. आक्कांनी सुचवल्याप्रमाणे पुढच्या खेपेस पातेली उतरवून लगेच गार पाण्याच्या परातीत टेकवली, आणि रंग जेथे होता तेथेच थांबला. चिरण्याचे काम वेळखाऊ आहे. ८० ग्रॅम लसूण बारीक चिरायला दोघींना पंचवीस मिनिटे लागतील, पण येथे काटकसर करण्यासारखी नाही.

असे लसणाचे तूप दोन लाद्यांना लावून मुलींच्या एका टेबलावर ठेवले. पाव भिजला नाही आणि लसूणही गोड लागला. मात्र सगळे तूप पावात मुरून गेले आणि वर काहीच राहिले नाही. हात तेलकट होतात आणि वर काही दिसत नाही, असे तिघींनी सांगितले. पाणी पूर्ण काढून टाकणे हाही उपाय नाही, असा त्याचा अर्थ झाला.

११ डिसेंबर, बुधवार

लोणी वितळले की त्याची घडण मोडते आणि पुन्हा थंड केल्यावर ती पूर्वीसारखी होत नाही. घट्ट लोण्यात पाण्याचे अतिसूक्ष्म थेंब स्निग्धांशात अडकून बसलेले असतात, म्हणून त्याला अंग असते आणि ते पसरवले तेथे राहते. वितळवलेल्या लोण्यात हे थेंब सुटतात, मीठ आणि बेरी खाली बसतात आणि वर राहिलेले पातळ तूप पावाच्या छिद्रांतून थेट खाली उतरते. ब्रश पातेल्यात वरवर बुडवला, तर पहिल्या लाद्या अळणी होतात आणि शेवटच्या खारट.

म्हणून आज निम्मे-निम्मे केले. अर्धे बटर लसणासह कढवून घेतले आणि अर्धे खोलीच्या तापमानाला मऊ होऊ दिले. कढवलेले तूप बोट सहज बुडवता येईल इतके, म्हणजे साधारण ३५ अंशांपर्यंत निवल्यावर, मऊ बटरमध्ये धार धरून फेटत घातले. त्याहून गरम घातले तर मऊ बटरही वितळते. एकदा तसे झाले आणि सगळे मिश्रण परातीत बर्फाच्या पाण्यावर धरून पुन्हा फेटावे लागले. नीट जमले तेव्हा श्रीखंडासारखे दाट, फिकट पिवळे लोणी तयार झाले आणि लसणाचा प्रत्येक कण त्यात जागच्या जागी राहिला. हे लोणी ब्रशने नव्हे तर चमच्याच्या पाठीने लावावे लागते, आणि ते लादीच्या वर राहून सावकाश वितळते.

मऊ बटरमधील पाणी येथे उपयोगी पडते, हे पाहून मला फार आनंद झाला. दिवसभर राहिलेल्या पावाची साल चिवट झालेली असते. तिला अगदी थोडी ओल आणि वरून ऊब मिळाली की ती पुन्हा मऊ होते, आणि कढवलेल्या भागातील स्निग्धांश त्या ओलीला खाली तळापर्यंत उतरू देत नाही.

१२ डिसेंबर, गुरुवार

मार्गशीर्षाचा दुसरा गुरुवार. वसतिगृहातील अकरा मुली हा महिनाभर कांदा-लसूण खात नाहीत, आणि त्यांच्या ताटात रविवारी कोरडाच पाव पडतो, हे माझ्या आधीच लक्षात यायला हवे होते. त्यांच्यासाठी मेतकुटाचे लोणी करून पाहिले. भाजलेल्या डाळी-तांदळाचे पीठ असल्याने मेतकूट पाणी शोषून घेते, त्यामुळे येथे बटर कढवण्याचीही गरज नाही. १०० ग्रॅम मऊ बटरमध्ये १५ ग्रॅम मेतकूट आणि चिमूटभर हिंग फेटले की काम झाले. हळद आणि हिंगाचा वास लोण्यात फार लवकर उतरतो. मात्र पाव काढल्यानंतर हे लोणी लावले तर पीठ तोंडात कोरडे लागते, म्हणून ते ओव्हनमध्ये जाण्यापूर्वीच लावले पाहिजे. आक्कांनी मऊ भातावर मेतकूट-तूप घ्यावे तशी त्याची चव आहे असे सांगितले, आणि खरोखरच तीच आठवण येते. हा प्रकार आता कायम ठेवायचा आहे.

१५ डिसेंबर, रविवार

पूर्ण सोळा लाद्यांचा पहिला दिवस. चव चांगली जमली, व्यवस्था मात्र कोसळली.

ओव्हनमधून निघालेले पाव गरम राहावेत म्हणून आम्ही ते मोठ्या स्टीलच्या डब्यात एकावर एक रचले आणि झाकण लावले. चौथी खेप निघेपर्यंत पहिल्या खेपेच्या पावांतून निघालेली वाफ झाकणाला लागून, पाणी होऊन परत पावांवरच गळली होती. आठवडाभर थेंब-थेंब मोजून जे पाणी आम्ही बाहेर ठेवले होते, ते अशा रीतीने परत आले. खालच्या लाद्या वरच्यांच्या वजनाने चेपल्या आणि त्यांच्यावरचे लोणी वरच्या लादीच्या तळाला लागले. पहिल्या दोन टेबलांवरील मुलींना ओले पाव मिळाले, याचे मला वाईट वाटले आणि मी त्यांना तसे सांगितलेही.

पुढच्या वेळी बांबूच्या टोपलीत कोरडे सुती कापड अंथरून त्यात एकच थर ठेवायचा आणि वरून कापडानेच झाकायचे. तळाला भाकरी गार करण्याची जाळी ठेवावी, असे आक्कांचे म्हणणे आहे.

आणखी एक गोष्ट आज समजली. चार लाद्या मी हौसेने सुटे पाव करून लावल्या होत्या, म्हणजे प्रत्येक बाजूला लोणी लागावे. ते पाव कडेने वाळले. लादी अखंड ठेवली की बाजू एकमेकींना झाकून ठेवतात, लोणी पावांमधल्या खाचांत उतरते आणि मोडताना आतला पांढरा भाग गरम व ओलसर निघतो. लादीत भाजण्याचा खरा फायदा तोच आहे. मधल्या खाचा सुरीच्या टोकाने अर्ध्या उंचीपर्यंतच उघडायच्या.

परत आलेले पाव : १९.

१८ डिसेंबर, बुधवार

कांदा-लसूण मसाल्याचा दिवस. कोल्हापुरात राहून पावाला नुसते लाल तिखट लावणे माझ्या मनाला पटत नव्हते. आमच्या मसाल्यात तिखट, भाजलेला कांदा, लसूण, सुके खोबरे, तीळ, धणे आणि गरम मसाल्याचे पदार्थ असतात आणि तो तेलावर भाजलेला असतो, म्हणून त्याची चव एकट्या तिखटापेक्षा कितीतरी भरीव लागते. मिरचीचा रंग आणि तिखटपणा दोन्ही पाण्यात विरघळत नाहीत, ते स्निग्धांशात उतरतात. म्हणून मसाला मऊ बटरमध्ये न घालता कढवलेल्या भागात घालायचा ठरवले.

पातेली गॅसवर असताना मसाला घातला तेव्हा तो दहा सेकंदांत काळवंडला आणि ठसका उठून स्वयंपाकघर रिकामे करावे लागले. बेरी बदामी होते तेव्हा तूप १२० अंशांच्या पुढे गेलेले असते आणि त्यातले पाणी संपल्यामुळे तापमान रोखणारे काहीच उरलेले नसते. दुसऱ्या वेळी पातेली उतरवून, गार पाण्यात टेकवून, दोन मिनिटे थांबून मसाला घातला. तेव्हा तूप केशरी-लाल झाले आणि मसाला न जळता फुलला. रंगासाठी त्यात चमचाभर ब्याडगी मिरचीची पूड वाढवली; ती तिखटाला सौम्य आहे आणि लोण्याला जो गडद रंग देते, तो दुसऱ्या कशानेही येत नाही.

मिठाचा हिशेब येथेच लिहून ठेवते. खाऱ्या बटरमध्ये साधारण अडीच ते तीन टक्के मीठ असते आणि मसाल्यातही मीठ असते, त्यामुळे वरून मीठ अजिबात घालायचे नाही. आज सवयीने चिमूटभर घातले, आणि तेवढ्यानेही लोणी खारट झाले.

२२ डिसेंबर, रविवार

कोथिंबिरीचा प्रश्न सुटला. धुतलेली कोथिंबीर सकाळीच कापडावर पसरून पंख्याखाली ठेवली, देठ काढून टाकले आणि दुपारी कोरड्या सुरीने चिरली. निम्मी कोथिंबीर लोण्यात शेवटी मिसळली आणि निम्मी पाव ओव्हनमधून निघाल्यावर वर पेरली. उष्णतेने पानांतील हिरवे द्रव्य बदलून शेवाळी रंग येतो आणि तो थांबवता येत नाही. म्हणून लोण्यातली कोथिंबीर वासासाठी आणि वरची डोळ्यांसाठी, अशी विभागणी केली. एका लादीवर लिंबू पिळून पाहिले होते, पण आंबटाने हिरवा रंग आणखी लवकर जातो आणि पाणीही वाढते, म्हणून लिंबू सोडून दिले.

टोपल्यांची व्यवस्था चांगली चालली. १७० अंशांवर सात मिनिटे पुरेशी होतात. वरची तार आणि खालची तार दोन्ही चालू ठेवून लादी मधल्या कप्प्यात ठेवली, तर वरचे लोणी कडेने बुडबुडू लागते आणि तळ हलका शेकला जातो. चार खेपांना अर्धा तास लागतो. पहिली खेप मुली पानावर बसण्याआधी आणि उरलेल्या तीन वाढप चालू असताना काढल्या, म्हणजे कोणताच पाव दहा मिनिटांपेक्षा जास्त थांबला नाही.

जेवताना एका मुलीने विचारले, की पाव म्हणजे पाव हिस्सा, म्हणून हे नाव पडले का. हा शब्द पोर्तुगीज 'पांव' म्हणजे भाकरी-ब्रेड या अर्थाच्या शब्दावरून, गोव्याच्या वाटेने आपल्याकडे आला, हे तिला सांगितले. तिच्या शेजारी सावंतवाडीची मुलगी बसली होती. तिकडे सकाळी सायकलवरून पाववाला येतो आणि त्याच्याकडचे उंडे टणक सालीचे असतात, त्यांना हे लोणी कसे लागेल, असे तिने विचारले. सुटीहून येताना तिने उंडे आणावेत, असे ठरले.

परत आलेले पाव : ८. त्यांपैकी पाच मेतकुटाचे होते, कारण ते आम्ही जास्त केले होते.

२६ डिसेंबर, गुरुवार

आज अप्रिय काम करावे लागले. रविवारी उरलेले सुमारे २०० ग्रॅम लसूण-लोणी डबा बंद करून ओट्यावरच राहून गेले होते. वासाला व चवीला त्यात काहीही दोष वाटत नव्हता, आणि आक्कांना ते टाकणे जिवावर आले. तरीही ते टाकले. हे का टाकावे लागते, हे पुढे येणाऱ्या प्रत्येकीला कळावे म्हणून सविस्तर लिहिते.

लसूण जमिनीतून येतो आणि त्याच्यासोबत क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम या जिवाणूचे बीजाणू येऊ शकतात. साध्या शिजवण्याने ते मरत नाहीत. हवा नसलेल्या आणि आंबटपणा नसलेल्या जागी, खोलीच्या तापमानाला ते वाढू लागतात आणि त्यांचे विष अत्यंत घातक असते. ते डोळ्यांना, नाकाला किंवा जिभेला ओळखू येत नाही. तेलात किंवा लोण्यात बुडालेला लसणाचा कण नेमका अशाच बिनहवेच्या जागी बसलेला असतो. कॅनडातील व्हँकूवर शहरात १९८५ साली तेलात ठेवलेल्या चिरलेल्या लसणामुळे एका उपाहारगृहात जेवलेल्या ३६ जणांना ही विषबाधा झाली होती. लोण्यातील मीठ धोका कमी करत असेल, पण आमच्या हातात ६४ मुलींची ताटे आहेत आणि मी अंदाजावर चालणार नाही.

यापुढे लोणी रविवारी दुपारीच करायचे. उरले तर त्याच रात्री बटरपेपरमध्ये वळकटी करून, तारीख लिहून फ्रीजरमध्ये ठेवायचे. फ्रीजमध्ये ठेवले तर चार दिवसांच्या आत वापरायचे, आणि ओट्यावर विसरलेले कोणतेही लसूण-लोणी विचार न करता टाकून द्यायचे. ही सूचना फ्रीजच्या दारावर लावली आहे.

२९ डिसेंबर, रविवार

प्रमाण आज निश्चित केले. सोळा लाद्यांसाठी खारे बटर ८०० ग्रॅम, सोललेला लसूण ८० ग्रॅम, देठाविना कोथिंबीर ६० ग्रॅम, कांदा-लसूण मसाला २० ग्रॅम, ब्याडगीची पूड ४ ग्रॅम आणि वर पेरण्यासाठी पांढरे तीळ एक वाटी. यातील ४०० ग्रॅम बटर लसणासह कढवायचे, मसाला उतरवल्यावर घालायचा आणि बाकीच्या ४०० ग्रॅममध्ये फेटायचे. पेरायची अर्धी कोथिंबीर बाजूला ठेवून पाणी निघून गेल्यावर तयार लोणी सव्वाआठशे ग्रॅमच्या आसपास भरते, म्हणजे एका लादीला पन्नास ग्रॅम, एका पावाला सव्वासहा ग्रॅम. सुरुवातीला मी पावामागे दहा ग्रॅम धरले होते. तेवढे लोणी पाव पेलत नाही आणि साराची चवही त्याखाली दबून जाते. खर्च पावामागे साडेचार रुपयांच्या आत बसला.

तीळ कच्चेच पेरायचे. भाजलेले तीळ ओव्हनमध्ये करपतात. कच्चे लोण्यात चिकटून सात मिनिटांत बरोबर खमंग होतात.

अकरा मुली गावी गेल्या असल्याने आज १०६ पाव केले. परत आले तीन. दहा वाजता वरच्या मजल्यावर चक्कर मारली, तेव्हा एकाच खोलीत डबा उघडा होता, आणि तो लाडवांचा होता.

५ जानेवारी २०२५, रविवार

सावंतवाडीहून सहा उंडे आले. पावाची पद्धत जशीच्या तशी लावली आणि ती चालली नाही. उंड्याची साल कोरडी व टणक असल्याने लोणी वर घसरत राहिले, कडेने ट्रेवर उतरले आणि तेथे जळले. मग उंडा वरून आडवा-उभा, तळापासून बोटभर वर थांबेल असा चिरला आणि लोणी चिरांमध्ये भरले. साल गरम होऊन कुरकुरीत राहिली आणि आतला मऊ भाग लोणी प्यायला. अशा पावाला मऊ बटरचे पाणी सालीवर नको असते, तर आत हवे असते. पदार्थ तेच, पाणी कोठे पोचवायचे एवढेच बदलते. हा उंडा साराऐवजी उसळीबरोबर अधिक चांगला लागेल असे त्या मुलीचे मत पडले, आणि मटकीची उसळ बुधवारी आहेच, म्हणून उरलेले दोन उंडे कापडात गुंडाळून फ्रीजरमध्ये ठेवले आहेत.

पुढच्या रविवारी संक्रांत दोन दिवसांवर असेल. तिळाचे प्रमाण दुप्पट करून एका लादीवर थोडी काळ्या तिळाची चटणी लोण्यात फेटून पाहायची आहे. आक्कांनी घरून चटणी आणते असे सांगितले आहे. ती किती खारट आहे, हे लोण्यात घालण्यापूर्वी पाहायचे.